सुतकातला गूळ

आत्ती, तुमच्या सुतकात मी गूळ वाटला. तुमच्या कानावर एव्हाना आलंच असेल, कारण आपल्या भावकीतली बातमी ऐकायला माणूस जिवंत असावं लागत नाही. शुक्रवार पेठेपासून शिरोळपर्यंत सगळे एकच बोलतायत, सासू गेली आणि सुनेनं लोकांची तोंडं गोड केली. आपलं पटत नव्हतं हे सगळ्यांना ठाऊक होतं. त्यामुळं नवल कुणालाच वाटलं नाही, उलट बरं वाटलं. तुमच्या जाण्यापेक्षा माझा गूळ बोलायला जास्त पुरतोय.

तुमच्यावर लिही असं मला कुणी सांगितलेलं नाही. फोटोखाली छापायचा मजकूर थोरल्या भावजींनी कुणाकडून तरी करून घेतला. त्यात तुम्ही प्रेमळ, मनमिळाऊ आणि सर्वांना आपलंसं करणाऱ्या आहात. मनमिळाऊ! तुम्ही असता तर चष्मा पुसून परत वाचलं असतंत आणि म्हणाला असता, “ही कोण बाई म्हणायची?” म्हणून माझं मी लिहितेय. चार यत्ता जास्त शिकले म्हणून शाळेतल्या भाषेत लिहितेय, एवढंच. भांडलो तर आपण सगळं कोल्हापुरीतच.

आधी बंड्याचं सांगते, कारण तुम्ही पहिलं तेच विचारलं असतं. मुलगे, नात, मी, सगळे त्याच्यानंतर. बंड्या आहे. त्याच्या पोत्यावर आहे. तुमच्यामागं कुत्र्यानं अन्न सोडलं, असं काहीही झालेलं नाही. तो दोन्ही वेळा जेवतो. मीही जेवते.

तुम्ही त्याला आणलंत तेव्हा माझ्या लग्नाला वर्ष होत होतं. पदराखाली काहीतरी घेऊन आलात, मला वाटलं भाजी असेल, आणि पदरातून तांबडं तोंड बाहेर आलं. विचारणं वगैरे नाहीच. आणि घर कसलं? आपलं घर म्हणजे स्टँडवरचं बाकडं. कुणी दवाखान्याला आलंय, कुणी अंबाबाईला, कुणी कोर्टाच्या तारखेला, कुणी लग्नाचा बस्ता बांधायला. सकाळी दार उघडलं की झाकेपर्यंत पावणं. आणि बंड्या वाढला तसा प्रत्येकाच्या छातीवर पाय द्यायला लागला. भावजींच्या सासऱ्यांच्या पांढऱ्या सदऱ्यावर त्यानं सगळा चहा सांडवला, तेव्हा हे म्हणाले, मागं बांधून घालू. तुम्ही पोराकडं असं बघितलंत जसं काही त्यालाच बांधायचं आहे.

“बांधून घातल्यानं कुत्रं शाणं हुत न्हाय, नुसतं गप हुतंय,” तुम्ही म्हणालात. “त्येला शिकवाय लागतंय.”

शिकवायला कुठं नेलंत, तर गंगावेशीतल्या दूध कट्ट्यावर. तिथं संध्याकाळी रस्त्याकडेला म्हशी उभ्या असतात, गिऱ्हाइकासमोर धार काढून फेसाळ पेला हातात देतात. गाड्यांचे हॉर्न, शेपट्या, शेण, पैलवान पोरं, सगळा गोंधळ. कुत्र्याला शांत बसायला शिकवायची ही जागा तुमच्याशिवाय कुणाला सुचली नसती. पहिल्यांदा लांब, कोपऱ्यावरच्या बंद दुकानाच्या पायरीवर त्याला घेऊन बसायचात. म्हशीकडं झेप घेतली की तुम्ही ओरडायचा नाहीत, मारायचा नाहीत. उठायचात आणि दूध न घेता घरी यायचात. मग घरात सगळ्यांना कोरा चहा. कित्येक संध्याकाळी आम्ही कोरा चहा प्यालो, आत्ती! मी पोटुशी, माझ्या वाटणीचं दूध म्हशीच्या सडात, आणि तुम्ही म्हणणार, “आज दोन पावलं पुढं बसला.”

मग एका संध्याकाळी म्हशीनं आपलं ओलं नाक त्याच्या डोक्याला लावलं आणि बंड्यानं नुसते डोळे मिटले. हे तुम्ही जेवताना तीनदा सांगितलंत. तुम्हाला एवढं खूश मी कधी बघितलं नव्हतं. आर्या झाली तेव्हा तुम्ही म्हणाला होता, “बरं झालं, सुटलीस.” बस, तेवढंच.

घरातली पद्धत तुम्ही गुळावर बसवलीत. पावणं दारात आलं की बंड्या भुंकणार, ते त्याचं काम. मग तुम्ही पावण्याच्या हातात पाण्याचा तांब्या द्यायचा आणि तळहातावर गुळाचा खडा ठेवायचा. गूळ पावण्याच्या हातात पडला की बंड्यानं सरळ जाऊन कोपऱ्यातल्या पोत्यावर बसायचं. बसला की त्यालाही जोंधळ्याएवढा गूळ. “शेपूट हालू दे, कान हालू दे, बूड हालायचं न्हाय,” तुम्ही त्याला सांगायचात. आणि पावण्यांना दटावायचात, “त्येच्याकडं बघू नगा. हात लावू नगा. तुमी माजं पावणं हाय, कुत्र्याचं न्हाय.” गूळ कुत्र्याला वाईट, भाकरीचा तुकडा द्या, असं डॉक्टरांनी मला सांगितलं होतं. त्यावरून आपण भांडलो, ते भांडण अजून तसंच आहे. डॉक्टरला कुत्रं कळतं, पावणं कळत नाहीत, असं तुमचं म्हणणं.

पण जमलं होतं तुम्हाला, हे मी कुणासमोरही सांगेन. शाहूवाडीकडच्या एका पावण्यानं पिशवीतून गावरान कोंबडी आणली होती, ती सुटली आणि घरभर पळाली. “कोंबडी, कोंबडी!” करत हे भांड्यांच्या फळीवर जाऊन आदळले. कोंबडी बंड्याच्या पोत्यावरून गेली, त्याच्या नाकासमोरून गेली. त्याची लाळ जमिनीवर पडत होती. सगळं अंग थरथरत होतं. पण बूड हाललं नाही. तुम्ही खाटेवरून हललाही नव्हता, नुसत्या त्याच्याकडं बघत होता. मी कुणाकडंही कधी असं बघितलेलं नाही. माझ्याकडंही कुणी बघितलेलं नाही.

माझ्याकडं तुम्ही बघायचात ते वेगळं. घरात पावणं भरलेलं, मी स्वयंपाकघराच्या दारात चहाचा ट्रे घेऊन, आणि तुम्ही मोठ्यानं म्हणायचात, “बंड्याला एक डाव सांगितलं की कळतंय. आमच्या सूनबाईला अजून सांगतोयच.” पावण्यांच्या तोंडात तुमचाच गूळ, ते हसायचे. एकदा सांगितलंत तर मीही हसले असते. तुम्ही ते येईल त्या पावण्याला सांगितलंत. माझ्या पोरीसमोर सांगितलंत. आणि एकदा माझ्या आईसमोर सांगितलंत, तेव्हा आईही हसली, कारण तिला वाटलं की हसायला पाहिजे.

आता आईचंच बोलू. तुम्ही असताना हे बोलणं कधी पुरं झालं नाही.

माझी आई मलकापूरच्या वरच्या अंगाला राहते. भात निघालं की नव्या तांदळाचं गठुळं घेऊन एस.टी.नं यायची. रिक्षाला पैसे कशाला म्हणून स्टँडवरून चालत. गठुळं डोक्यावर, चप्पल धुळीनं पांढरी. दारात आली की बंड्या भुंकायचा. तुम्ही उठायचात, तिच्या हातात तांब्या द्यायचात. “बसा.” आणि आत.

गूळ नाही.

बंड्यानं काय करायचं? त्याला तुम्ही शिकवलं होतं की गूळ हातात पडेपर्यंत माणूस पावणं नाही. तो पोत्यावर जायचा नाही. आई भिंतीला चिकटून बसायची, गुडघे पोटाशी, पदर आवळून, आणि तो समोर उभा राहून गुरगुरत असायचा. मी त्याला ओढून न्यायची, तो परत यायचा. आई जेवायचीही तशीच, एक डोळा ताटावर आणि एक त्याच्यावर. दुपारच्या गाडीनं निघून जायची. दारातून बाहेर पडताना मला हळूच म्हणायची, “कुत्र्यास्नी माणूस कळतंय, बाय. आमच्यात कायतरी कमी असंल.”

मी तुम्हाला विचारलं होतं. एकदा नाही, दरवेळी. तुम्ही एकच बोलायचात, “घरच्या माणसाला कुणी गूळ देतंय व्हय?”

“मग थोरल्या जाऊबाईंच्या आईला कसा देता?”

“ती पावणी हाय.”

“आन् घरच्या माणसाला कुत्रं गुरगुरतंय कसं?”

तुम्ही सूप पुढं ओढून तांदूळ निवडायला लागायचात. आईनं आणलेलेच तांदूळ.

पण खोटं कशाला बोलू, तुमचं ते उत्तर मला आवडलं होतं. घरचं माणूस. मी आईला तसंच सांगितलं. आत्ती तुला परकी मानत नाहीत, म्हणून गूळ नाही. आईनं मान हलवली. तिनं विश्वास ठेवला का, देव जाणे. मी ठेवला होता.

मी डब्याला हात लावला तो त्यानंतर. गुळाचा तो पितळी डबा तुमच्या खाटेखाली असायचा, त्याला दुसऱ्या कुणी शिवायचं नाही. आई आली होती, तुम्ही मागं धुणं वाळत घालत होता. मी डबा ओढला, खडा काढला, आणि तुम्ही आलात. माझी बोटं उलगडून खडा काढून घेतलात. आईसमोर. शेजारच्या काकूंसमोर. “पावण्यांचा मान मी करायचा. मी हाय तवर.” मग मी दुकानातून वेगळा गूळ आणून ठेवला, तर आईनंच माझा हात मागं ढकलला. म्हणाली, “त्यांनी दिला न्हाय, तू नगं देऊस. मी जातो गाडीनं, तुला इथं राहायचंय.”

पुढं माझं पिशवीचं ऑपरेशन झालं. ह्या आठवणीसाठी मी तुमची ऋणी आहे आणि ह्याच आठवणीसाठी मला तुमचा राग आहे, दोन्ही एकाच वेळी, त्याला माझा इलाज नाही.

दवाखान्यातून घरी आणलं आणि दुसऱ्याच दिवशी तुमच्या चुलत जाऊबाई आल्या. आजाऱ्याला बघायला नाही, आजारी माणूस कसं दिसतं ते बघायला. माझ्या उशाशी येऊन म्हणाल्या, “पिशवी काढली म्हंजे मिटलं. आता पोरगा काय हुत न्हाय.” मी भिंतीकडं तोंड केलं. तुम्ही बाहेर जाऊन खाटेवर बसलात. त्या बाहेर येऊन बसल्या तेव्हा त्यांच्या हातात तांब्या दिलात. आणि डबा पायानं खाटेखाली आत सरकवलात, त्याचा आवाज मला आत ऐकू आला.

बंड्या गुरगुरायला लागला. “कुत्रं आवरा की ओ!” त्या ओरडल्या. तुम्ही अगदी शांतपणे म्हणालात, “आज माज्या ऐकण्यात न्हाय ते.” त्या पाणी न पिताच उठल्या. त्यानंतर मी उठून हिंडायला लागेपर्यंत एकही माणूस आपल्या उंबऱ्याच्या आत टिकलं नाही. तुम्ही कुणाला ‘येऊ नका’ म्हणाला नाहीत. नुसता गूळ दिला नाहीत. मला पेज आणून द्यायचात, वाटी ठेवायचात आणि जायचात. मी पेज पिता पिता रडायची. माझ्या बाजूनं कुणी असं उभं राहिलं नव्हतं, माझा नवरासुद्धा.

पण आत्ती, मी काही खुळी नाही. पडल्या पडल्या मला दुसरंही कळलं. गूळ न देणं म्हणजे काय, हे तुम्हाला पक्कं माहीत होतं. देण्याइतकंच ते तुम्हाला चांगलं जमत होतं. ज्यांना घरातून घालवायचं, त्यांना तुम्ही तांब्या द्यायचात आणि डबा आत सरकवायचात. मग माझ्या आईसाठी तो डबा इतकी वर्षं खाटेखाली का राहिला?

शेवटच्या आजारपणात विचारायचंच असं ठरवून मी तुमच्याजवळ बसले होते. तोंडापर्यंत आलं होतं. तुम्ही डोळे उघडलेत, मला जवळ बोलावलंत. मला वाटलं, आता काहीतरी बोलणार. तुम्ही विचारलंत, “बंड्या जेवला?” मी म्हटलं, जेवला. तुम्ही परत डोळे मिटलेत. इतक्या वर्षांच्या संसारात शेवटचा शब्द कुत्र्याच्या वाट्याला गेला.

तुम्हाला नेलं त्या दिवसापासून घर माणसांनी भरलं. गॅस बंद, शेजारून भाकरी-आमटी येत होती. येणारा माणूस दारात हात जोडायचा, आत येऊन गप बसायचा. सुतकाच्या घरात गोडाचं नाव काढत नाहीत, त्यामुळं गूळ कुठला? आणि बंड्या वेड्यासारखा भुंकत होता. येईल त्याच्यावर. आपले, परके, म्हातारे, कुणीही. लोक म्हणाले, कुत्र्याला दुःख झालंय. मग म्हणाले, कुत्रं पिसाळलंय. ह्यांनी त्याला खिडकीच्या गजाला साखळीनं बांधलं, तिथंही भुंकून त्याचा घसा बसला. एकटी मी बघत होते. तो प्रत्येक पावण्यावर भुंकायचा, आणि भुंकून झालं की मान वळवून तुमच्या रिकाम्या खाटेखाली बघायचा. डबा कधी निघतोय ह्याची वाट बघायचा. एवढी माणसं घरात आणि एकाचाही मान होत नाही, हे त्याला काही कळत नव्हतं.

रक्षाविसर्जनाला तुमचे बंधू, मामा, आले. ते साखळीच्या टप्प्यात कसे गेले कुणास ठाऊक, बंड्यानं त्यांची पोटरी धरली. रक्त आलं, सुया झाल्या. मामा खवळले, आणि त्यांचं खवळणं तुमच्याच वळणाचं. “बहिणीच्या दारात मला कुत्रं चावलं! पुन्यांदा ह्या घरात पाणी प्यायचं का न्हाय, ते सांगा.”

थोरल्या भावजींनी तिथंच ठरवून टाकलं. “दिवस घालायच्या आदी ह्येला गाडीत घालतो, मलकापूरच्या म्होरं घाटात सोडून येतो. जंगल हाय. जगलं तर जगलं.” आणि हे, तुमचा धाकटा, तुम्हीच वाढवलेला, चपलेकडं बघत उभा. मी म्हटलं, “त्येला घरातल्यागत ठेवलंय आत्तींनी.” भावजी म्हणाले, “आई गेली. आता घर पावण्यांनी चालायचं का कुत्र्यानं?” पंगतीत पान वाढून मिळालेला कुत्रा घाटात पहिल्याच रात्री बिबट्याच्या तोंडी जातो, हे त्यांना कळत होतं. गावाकडं शिरोळच्या उसात वाढलेत ते, खुळे नाहीत.

दिवसाच्या आदल्या सकाळी सगळे परत जमले. मामा पोटरीला पट्टी बांधून खुर्चीवर, बाकीची भावकी सतरंजीवर. भावजींची गाडी गल्लीत उभी, मागचं दार उघडं. त्यांच्या हातात नायलॉनची दोरी. चहा झाला की न्यायचं ठरलं होतं. बंड्याचा आवाज निघत नव्हता, तरी तो भुंकत होता, नुसता वारा यायचा तोंडातून. आणि भुंकून मान वळवून खाटेखाली बघत होता.

मी खाली वाकले आणि डबा ओढला.

आत्ती, त्या घटकेला मी तुमच्या आत्म्याचा वगैरे विचार केला नाही. मला फक्त एवढं कळत होतं की हे सगळे मला काय म्हणतील. सासूशी न पटलेली सून सुतकात गूळ वाटते, ह्याचा अर्थ कुणाला फोडून सांगायला लागत नाही. ताटलीत खडे मोडून ठेवले. एका हातात तांब्या, एका हातात ताटली. पहिल्यांदा मामांसमोर गेले.

“काय गं ह्ये?”

“गूळ. घ्या मामा.”

“माजी बहीण जाऊन राख निवली न्हाय अजून, आन् गूळ?”

“खाऊ नका. नुसता हातात धरा.”

“सासू मेली म्हणून तोंड गोड करतीयास व्हय गं?” मागून कुणीतरी बाई म्हणाली. ती कोण ते मला माहीत आहे, तुम्हालाही माहीत आहे. हे पुढं आले, “वंदे, काय चाललंय तुजं?” मी थांबले नाही. मामांचा हात उघडून त्यात खडा ठेवला आणि त्यांची मूठ मिटली. पुढच्याच्या हातात ठेवला. त्याच्या पुढच्याच्या. कुणी धरला, कुणी सतरंजीवर टाकून दिला, एका म्हाताऱ्यानं नकळत तोंडात टाकला आणि तसाच थुंकला. भावजींच्या दोरीच्या हातातही ठेवला. मला शिव्या बसत होत्या, त्या मी घेत होते आणि गूळ देत होते.

बंड्या गप झाला.

मी साखळी काढली. मामा खुर्चीवर पाय घेऊन बसले. बंड्या सगळ्यांच्या मधून, कुणालाही न शिवता, कोपऱ्यात गेला, पोत्यावर बसला आणि माझ्याकडं बघायला लागला. मी त्याला जोंधळ्याएवढा गूळ दिला. त्याचं अंग थरथरत होतं, शेपूट हालत होतं. बूड हाललं नाही.

“आता न्या,” मी भावजींना म्हटलं. “तुमच्या आईनं शिकवलेलं हाय. असं बसलेलं कुत्रं दोरी लावून न्या.”

भावजींनी त्याच्याकडं एकदा बघितलं. मग दोरी गुंडाळून खिशात घातली आणि बाहेर जाऊन गाडीचं दार आपटलं. मामा उठले. मूठ उघडून गूळ माझ्या पायाशी टाकला. “ठेवा तुमचं कुत्रं,” ते म्हणाले. “पर हिनं गूळ वाटला, ह्ये मी मरंस्तवर इसरणार न्हाय.” दुसऱ्या दिवशी तुमच्या पानाला ते आले नाहीत. त्यांच्याबरोबर बरेच आले नाहीत. तुमच्या बंड्याची ही किंमत. द्यायला माझ्याकडं फक्त नाव होतं, ते मी दिलं, आणि परत मिळणार नाही हे माहीत असून दिलं.

मला तुमची आठवण येते. दारात कुणी आलं की मी तुमच्यासारखीच उठते, तुमच्यासारखंच म्हणते, “त्येच्याकडं बघू नगा.” तुमची आठवण येते ह्याचाच मला राग येतो.

एवढं सांगून खरं तर मी थांबणार होते. पण तुम्ही तिकडं निवांत बसला असाल, तर ते मला नको आहे. म्हणून त्याच दुपारचं सांगते.

भावकी निघून गेली होती. सतरंजीवर तुडवलेला गूळ, त्याला मुंग्या लागलेल्या, मी खरवडून काढत होते. दारात आई आली. गुडघ्याच्या दुखण्यानं तिला आधी येता आलं नव्हतं. डोक्यावर गठुळं, पदर आवळलेला, आणि उंबऱ्याच्या बाहेरच उभी. आधी बंड्या कुठं आहे ते बघत होती. तिला बघून तो उठला आणि गुरगुरला, नेहमीसारखा. आई नेहमीसारखी भिंतीला लागली, बाहेरच. सुतकाच्या घरातही तिला आधी त्याचीच भीती.

मी डबा घेतला. आईच्या हातात तांब्या दिला, दुसऱ्या हातावर खडा ठेवला. “सुतकात?” ती घाबरून म्हणाली. मी म्हटलं, “धर.”

बंड्यानं तिच्या हाताकडं बघितलं, वळला, पोत्यावर जाऊन बसला आणि तोंड पुढच्या पायांवर ठेवलं.

आई हळूहळू आत आली, आणि भिंतीला नाही, मधोमध सतरंजीवर बसली. पाय लांब केले. आपल्या घरात तिनं पाय लांब केलेले मी कधी बघितले नव्हते. खडा तिनं खाल्ला नाही, पदराच्या टोकाला बांधला.

“ह्यो तर गरीब हाय की गं,” ती म्हणाली. “मी उगंच भ्यालो इतकी वर्सं.”

एक खडा लागत होता, आत्ती. डबा तुमच्या हाताशी होता.